दिनविशेष : ३ एप्रिल – फ्रांस्वा द रुबे

फ्रेंच चित्रपटसंगीतात मनस्वी प्रयोग करणारे संगीतकार फ्रांस्वा द रुबे यांचा जन्म ३ एप्रिल १९३९ रोजी पॅरिसला लागून असलेल्या नय्यी येथे झाला. संगीताचे रीतसर शिक्षण त्यांनी घेतलेच नाही. जॅझच्या ओढीने ते स्वतःच ट्रॉम्बोन शिकले. वडील पॉल चित्रपटनिर्माते. त्यामुळे लघुपटांपासून हात बसत गेला. दिग्दर्शक रोबेर आन्रिको यांच्याशी त्यांचे सूर जुळले ते कायमचे.

१९६७ सालच्या ‘ल सामुराई’ या चित्रपटाची सुरुवात आठवून पाहा. अंधारी खोली, पलंगावर आडवा पडलेला अभिनेता आलँ दलाँ, पिंजऱ्यातल्या पक्ष्याची चिवचिव. बराच वेळ कुणी चकार शब्द काढत नाही. त्या माणसाचे एकाकीपण रुबे यांनी ऑर्गनच्या मोजक्या स्वरांत पकडले आहे. इतक्या थोडक्यात इतके सांगणारे पार्श्वसंगीत विरळाच.

पुढे त्यांनी पॅरिसमधल्या राहत्या घरीच स्टुडिओ थाटला. सिंथेसायझर, देशोदेशीची लोकवाद्ये, सगळे स्वतः वाजवायचे, एकावर एक ट्रॅक चढवायचे. घरबसल्या संगीत करणाऱ्या आजच्या तरुणांचे ते खरे पूर्वज.

समुद्राचे वेड मात्र जिवावर बेतले. नोव्हेंबर १९७५ मध्ये कॅनरी बेटांतील तेनेरीफजवळ स्कूबा डायव्हिंगच्या अपघातात ते गेले, अवघ्या ३६व्या वर्षी. आन्रिकोंच्याच ‘ल व्ह्यू फ्युझी’ या चित्रपटासाठी त्यांना मरणोत्तर सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाला. तो पहिलावहिला सेझार सोहळा झाला ३ एप्रिल १९७६ रोजी, त्यांच्या वाढदिवशीच.