दरबारातली दासी

मुरबाडच्या वर्गात मूकपटांचा इतिहास सांगत होतो. शहापूरकडच्या एका मुलीने विचारले, "सर, त्यात सगळे राजे-राण्याच का?" प्रश्न साधा नाही.

१९२० साली कोल्हापूरच्या बाबुराव पेंटरांचा 'सैरंध्री' हा मूकपट आला. विराटाच्या दरबारी कीचक दासीची अब्रू घेऊ पाहतो आणि राजा गप्प बसतो. याच कथेवरचे खाडिलकरांचे 'कीचकवध' (१९०७) हे नाटक इंग्रज सरकारने १९१० मध्ये बंद केले होते; कारण कीचकात प्रेक्षकांना कर्झन दिसत होता. पण ही दासी कोण? वेष पालटलेली द्रौपदी! राणी होती, म्हणून तिच्या अपमानाचे महाकाव्य झाले. त्याच वाड्यात जन्मभर राबणाऱ्या खऱ्या दासींसाठी कोणता भीम धावला?

त्याच वर्षी ३१ जानेवारीला बाबासाहेबांचा 'मूकनायक' निघाला. मार्चमध्ये कोल्हापूर संस्थानातच माणगावची परिषद भरली. पडद्यावरची दासी मुकी होती; पडद्याबाहेरचे मुके बोलू लागले होते.

पाच वर्षांनी, १९२५ साली, त्याच पेंटरांनी 'सावकारी पाश' काढला. त्यात जमीन गमावलेला शेतकरी गिरणीत मजूर होतो. दरबारातून कॅमेरा झोपडीत आला. सावकार म्हणजे काय, हे आमच्या भागातल्या कातकरी-ठाकरांना पडद्यावर पाहावे लागत नाही.

त्या मुलीला मी एवढेच म्हणालो, "आजीला विचार. तिने कोणाच्या वाड्यावर काम केले, ते लिहून आण. आपला इतिहास तिथून सुरू होतो."