कुत्र्याऐवजी गाय : फासेपारध्यांची शिकारविद्या

१/ तित्तराच्या शिकारीसाठी इंग्रज शिकारी पॉइंटर कुत्रा तयार करीत. पक्ष्याचा वास लागताच तो जागीच स्तब्ध होई. फासेपारधी त्याच कामासाठी गाय शिकवीत.

२/ माळावर फाशांची रांग रोवली जाई. गाय चरत चरत पुढे सरके, पारधी तिच्या आडोशाने चाले. चरत्या गुराला तित्तर बुजत नाही. उडण्याऐवजी तो पायीच पुढे सरकतो आणि फाशात अडकतो.

३/ साहेबाची शिकार शौक ठरली; पारध्यांवर गुन्हेगार जमाती कायद्याने जन्मजात गुन्हेगारीचा शिक्का मारला. १९५२ साली तो कायदा रद्द झाला. पुढे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने शिकारीवरही बंधने आली.

४/ अकोला-वाशीम भागात हेच पक्षिज्ञान आता तणमोराच्या रक्षणासाठी उपयोगी पडत आहे.