संस्थापिकेचा पत्ता : महाराणी ताराबाईंची घरे, गड आणि चौक

१/
पुण्याकडून कोल्हापुरात येणाऱ्याचे स्वागत कावळा नाक्यावर एक राणी करते. पुढचे पाय उचललेला घोडा, हाती शस्त्र, चेहऱ्यावर रणांगणाचा आवेश. शिल्पकार रवींद्र मेस्त्री यांनी घडवलेला हा महाराणी ताराबाईंचा पुतळा. चौकाचे नाव ताराराणी चौक आणि राणीची उपाधी ‘करवीर संस्थापिका’. या थ्रेडमध्ये एका साध्या प्रश्नाचा माग काढू : ही संस्थापिका प्रत्यक्षात राहत कुठे होती?

२/
बहुतेकांचे पहिले उत्तर असते ‘जुना राजवाडा’. भवानी मंडप, अंबाबाईचे देऊळ, आसपासची पेठ. राजधानी म्हणून हेच चित्र डोळ्यांसमोर येते. परंतु करवीर राज्याची राजधानी पन्हाळ्यावरून कोल्हापुरात आली ती अठराव्या शतकाच्या अखेरीकडे. ताराबाईंचे निधन १७६१ सालचे. म्हणजे त्यांच्या हयातीत या राज्याची गादी गडावर होती, शहरात नव्हती. त्यांचा पत्ता शोधायचा तर कोल्हापूरच्या बाहेर पडावे लागते.

३/
पहिला पत्ता : तळबीड. कराडजवळ, वसंतगडाच्या पायथ्याचे गाव. सरसेनापती हंबीरराव मोहिते यांचे हे घराणे. ताराबाईंचा जन्म १६७५ चा, म्हणजे शिवराज्याभिषेकानंतरच्या वर्षाचा. हंबीररावांची बहीण सोयराबाई ही शिवछत्रपतींची राणी. तेव्हा ताराबाईंचे पती राजाराम महाराज हे नात्याने त्यांचे आतेभाऊ. १६८७ मध्ये वाईजवळच्या लढाईत हंबीरराव धारातीर्थी पडले. लेकीचे वय तेव्हा अवघे बारा वर्षांचे.

४/
दुसरा पत्ता : रायगड आणि तेथून थेट जिंजी. संभाजी महाराजांच्या वधानंतर १६८९ मध्ये रायगडाला मोगलांचा वेढा पडला. राजाराम महाराज गडावरून निसटले आणि कर्नाटकातून मजल दरमजल करीत जिंजीला पोहोचले. राण्या मागाहून गेल्या. आजच्या तमिळनाडूतील या किल्ल्यात, मोगलांच्या प्रदीर्घ वेढ्याच्या छायेत, ९ जून १६९६ रोजी ताराबाईंनी पुत्र शिवाजीला जन्म दिला. करवीरच्या पहिल्या छत्रपतींचे जन्मस्थान महाराष्ट्राबाहेरचे आहे, हे सहसा लक्षात राहत नाही.

५/
१६९८ च्या आरंभी जिंजी पडली. त्यापूर्वीच राजाराम महाराज तेथून निसटले होते. मार्च १७०० मध्ये सिंहगडावर त्यांचे निधन झाले. पुढच्याच महिन्यात साताऱ्याचा किल्ला मोगलांच्या हाती गेला. पती गेलेला, मुलगा चार वर्षांचा, बादशहा स्वतः सैन्यासह सह्याद्रीत उतरलेला. पंचवीस वर्षांच्या ताराबाईंनी मुलाला गादीवर बसवले आणि कारभार आपल्या हाती घेतला.

६/
तिसरा पत्ता निश्चित सांगता येत नाही, आणि तेच या सात वर्षांचे मर्म आहे. औरंगजेब एकामागून एक गडांना वेढे घालीत होता. १७०१ मध्ये त्याची छावणी पन्हाळ्यापुढे पडली होती. इंग्लंडचा राजदूत सर विल्यम नॉरिस याने बादशहाची भेट घेतली ती याच छावणीत. त्याच वर्षी पन्हाळा मोगलांकडे गेला, पुढच्या वर्षी विशाळगड. राजधानी म्हणावी असा गड राणीकडे उरला नव्हता. राज्य मात्र चालूच होते.

७/
हे कसे शक्य झाले? मराठे गड शक्य तितका लढवत, पावसाळा तोंडावर आला की पुष्कळदा रक्कम घेऊन खाली करीत आणि बादशहाची पाठ फिरली की परत घेत. एका गडासाठी मोगलांचा एक हंगाम आणि खजिन्याचा मोठा हिस्सा खर्ची पडे. त्याच वेळी मराठी फौजा माळवा-गुजरातपर्यंत धडका मारीत. मोगल इतिहासकार खाफीखान हा काही मराठ्यांचा मित्र नव्हे. त्यानेही या राणीच्या बुद्धीची आणि मुलकी-लष्करी कारभारातील जाणकारीची नोंद केली आहे. १७०७ च्या आरंभी औरंगजेब अहमदनगरला मरण पावला, तेव्हा पन्हाळा पुन्हा मराठ्यांकडे आलेला होता.

८/
आणि मग घरातलेच युद्ध सुरू झाले. संभाजीपुत्र शाहू मोगलांच्या कैदेतून सुटून आले. ऑक्टोबर १७०७ मध्ये खेडच्या लढाईत ताराबाईंच्या पक्षाचा पराभव झाला. जानेवारी १७०८ मध्ये साताऱ्यास शाहूंचा राज्याभिषेक झाला. शाहूंच्या फौजा पन्हाळ्यापर्यंत आल्या. राणीला दक्षिणेकडे सरकावे लागले. भुदरगडच्या डोंगरातील रांगणा हा त्या काळातला त्यांचा आसरा. शाहूंचे सैन्य मागे फिरताच त्यांनी पन्हाळा परत मिळवला आणि १७१० च्या सुमारास तेथे स्वतंत्र गादी स्थिर केली. करवीर राज्याची स्थापना ती हीच.

९/
चौथा पत्ता : पन्हाळा. कोल्हापूरपासून सुमारे वीस किलोमीटर. ‘ताराराणींचा वाडा’ म्हणून ओळखली जाणारी वास्तू गडावर आजही उभी आहे. तिचे देवघर आवर्जून पाहावे. शाळा, नगरपालिकेचे कार्यालय, वसतिगृह असे तिचे नंतरचे उपयोग. तीन दरवाजा आणि अंबरखाना पाहून परतणारे कित्येक पर्यटक हा वाडा ओलांडून पुढे जातात, कारण तो ‘ऐतिहासिक’ दिसत नाही. त्यात माणसांची ये-जा असते. वास्तविक जुनी वास्तू जिवंत राहण्याचा हाही एक मार्ग आहे.

१०/
पण ज्या गडावर राज्य उभे केले, तोच गड त्यांचा तुरुंग झाला. १७१४ मध्ये पन्हाळ्यावर राजवाड्यातच सत्तांतर घडले. राजाराम महाराजांच्या दुसऱ्या राणी राजसबाई यांनी आपला पुत्र संभाजी यास गादीवर बसवले; ताराबाई आणि त्यांचा मुलगा शिवाजी नजरकैदेत गेले. रामचंद्रपंत अमात्यांचा या बदलाला पाठिंबा होता, असे अभ्यासक मानतात. गडकोटांचे महत्त्व सांगणारे त्यांचे ‘आज्ञापत्र’ या घडामोडीनंतरच्या एक-दोन वर्षांतले. ते वाचताना ही पार्श्वभूमी ध्यानात ठेवावी.

११/
१७२६ मध्ये शिवाजीचे कैदेतच निधन झाले. पुढे सातारा-कोल्हापूर युद्धात ताराबाई शाहूंच्या हाती लागल्या. परत पाठवण्याची तयारी असता त्यांनी साताऱ्यास राहणे पसंत केले, असे सांगितले जाते. १३ एप्रिल १७३१ च्या वारणेच्या तहाने दोन राज्यांच्या सीमा ठरल्या. राज्य स्थापन करणारी राणी आणि ते राज्य, दोघे आता वारणेच्या दोन तीरांवर होते.

१२/
पाचवा पत्ता : सातारा. अजिंक्यताऱ्यावर ताराबाईंच्या वाड्याचे अवशेष दाखवले जातात. साताऱ्यातील त्यांचे वास्तव्य सुमारे तीस वर्षांचे. डिसेंबर १७४९ मध्ये शाहू महाराज वारले. ताराबाईंनी आपला नातू म्हणून पुढे आणलेले रामराजे छत्रपती झाले. मात्र ते आपल्या सल्ल्याने चालत नाहीत हे दिसताच, नोव्हेंबर १७५० मध्ये राणीने त्यांना किल्ल्यात अटकेत ठेवले. पंच्याहत्तरीच्या या स्त्रीने पेशव्यांना थेट आव्हान दिले होते.

१३/
हा संघर्ष १७५२ मध्ये मिटला तो जेजुरीला. खंडोबाच्या साक्षीने शपथक्रिया झाल्या आणि रामराजे आपले खरे नातू नव्हेत, असे ताराबाईंनी तेथे सांगितले. याच प्रसंगावरून पुढे त्यांच्यावर ‘कारस्थानी’ असा शिक्का बसला. एक बाब मात्र तपासून पाहावी : गादी राखण्यासाठी तह, फितुरी, अटक ही साधने त्या शतकातील जवळपास प्रत्येक मुत्सद्द्याने वापरली. पुरुषाच्या बाबतीत त्यास आपण राजकारण म्हणतो.

१४/
शेवटचा पत्ता : संगम माहुली. डिसेंबर १७६१ मध्ये साताऱ्यास ताराबाईंचे निधन झाले. पानिपत त्याच वर्षीचे, नानासाहेब पेशव्यांचा मृत्यूही त्याच वर्षीचा. कृष्णा-वेण्णेच्या संगमावर, राजघराण्याच्या दहनभूमीत त्यांची समाधी आहे. याच परिसरात शाहू महाराजांच्या लाडक्या कुत्र्याचेही स्मारक आहे आणि माहुलीला येणारे बरेचजण त्याचीच चौकशी करतात. औरंगजेबाशी सात वर्षे झुंजलेल्या राणीची समाधी कुठे, हे विचारणारे थोडेच.

१५/
आता मूळ प्रश्नाकडे येऊ. १७१४ नंतर कोल्हापूरची गादी राजसबाईंच्या पुत्राकडे गेली. पुढे १७६२ पासून ती दत्तकांनी चालली. म्हणजे कोल्हापूरचे छत्रपती ताराबाईंचे वंशज नव्हेत. ज्या शाखेने त्यांना कैदेत ठेवले, तिच्याच राज्याची राजधानी आज त्यांना संस्थापिका म्हणते. साताऱ्याला त्या प्रतिस्पर्धी होत्या, पेशव्यांना अडसर. हक्काने गौरव करील असा वंश मागे उरला नव्हता. त्यांची स्मृती झाकोळण्याचे हे एक मोठे कारण असावे.

१६/
म्हणूनच कोल्हापूरने दिलेली उपाधी मला महत्त्वाची वाटते. तिच्यात रक्ताचे नाते नाही, कर्तृत्वाची पावती आहे. १७०८ च्या पराभवानंतर साताऱ्याचे वर्चस्व मान्य केले असते, तर पन्हाळ्याची गादी निर्माणच झाली नसती. आणि ती गादी नसती तर राजर्षी शाहूंचे कोल्हापूर संस्थानही नसते. गादीवर पुढे कोण बसले हा वंशावळीचा विषय. गादी कोणाच्या निर्णयाने उभी राहिली, हा इतिहासाचा.

१७/
शहराने ही पावती सार्वजनिक जागांवर कोरली आहे. चौक आणि पुतळा आहेच. शिवाय मुलींच्या शिक्षणासाठी ओळखले जाणारे कमला कॉलेज ज्या संस्थेचे, ती ‘ताराराणी विद्यापीठ’. एक सावधगिरी मात्र हवी. कोल्हापूरच्या राजघराण्यात पुढेही ताराबाई नावाच्या महाराणी होऊन गेल्या. त्यामुळे शहरातील प्रत्येक ‘ताराबाई’ थेट अठराव्या शतकाशी जोडण्यापूर्वी त्या नामकरणाचा काळ पाहावा.

१८/
जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने ‘मराठा लष्करी भूप्रदेश’ म्हणून बारा किल्ल्यांना जागतिक वारसा यादीत स्थान दिले. त्यांतील रायगड, जिंजी आणि पन्हाळा ही तिन्ही ताराबाईंच्या आयुष्याशी जोडलेली ठिकाणे. विशाळगड, रांगणा, अजिंक्यतारा या यादीत नाहीत. माहुलीचा घाटही नाही. विजयाच्या आणि वैभवाच्या जागा आपण लवकर जपतो. माघारीच्या, कैदेच्या आणि अखेरच्या निरोपाच्या जागांची पाळी उशिरा येते.

१९/
ज्यांना हा इतिहास पायांनी वाचायचा आहे, त्यांच्यासाठी दोन दिवसांची वाट : पहिल्या दिवशी कावळा नाका आणि पन्हाळा, दुसऱ्या दिवशी महामार्गाने तळबीड, सातारा आणि संगम माहुली. माहेर, राजधानी, तुरुंग, उत्तरायुष्य आणि समाधी, सारे एकाच रस्त्याच्या आजूबाजूला आहे. पन्हाळ्यावर वाड्यापाशी जरा थांबा. राज्य आणि कैद, दोन्ही त्यांनी याच गडावर पाहिले.

२०/
माहुलीला जाणार असाल तर नदीचे पाणी ओसरलेले असताना जा आणि समाधीचा रस्ता गावातल्या ज्येष्ठांना विचारा. आपण विचारत राहिलो, तरच तो त्यांच्याही लक्षात राहील.
(थ्रेड समाप्त)