शेंद्र्याबाहेरचे शेंद्रेकर

आमच्या शेंद्र्यात शेंद्रेकर नावाचं घर मला माहीत नाही. मळ्यातले आहेत, वेशीवरले आहेत, बारवेजवळचे आहेत. कागदावर प्रत्येकाचं आडनाव वेगळं आहे आणि गावात ते फारसं कुणी उच्चारत नाही. शेंद्रेकर आहेत ते मुंबईत, आणि ते आमचे रक्ताचे भाऊबंद आहेत. आमचा त्यांचा खापरपणजोबा एक, खंडोबाचा टाक एक, सुतक-सोयर एक. आडनाव तेवढं दोन.

हे कोडं मला आबांनी, म्हणजे आजोबांच्या धाकट्या भावानं सोडवून दिलं. उन्हाळ्यात रात्री आम्ही पोरं धाब्यावर झोपायचो. आबा उशाशी तांब्या घेऊन बसायचे आणि झोप येईपर्यंत भावकीची उतरंड सांगायचे. मी एकदा विचारलं, आपण शेंद्र्याचे, तर मग शेंद्रेकर ते कसे? आबा म्हणाले, "गावात गावाचं नाव सांगून कुणाला काय कळणार, लेकरा? वेशीच्या बाहेर पाय पडला की मग लागतं ते."

छत्रपती संभाजीनगरहून जालना रस्त्यानं निघालं आणि चिकलठाणा मागं पडलं की कुंभेफळ लागतं, मग शेंद्रा, आणि पुढं करमाड. बाहेरच्याला शेंद्रा एकच वाटतो. आम्हाला मात्र शेंद्रा कमंगर वेगळं आणि शेंद्राबन वेगळं. चैत्रात मांगीरबाबाची यात्रा भरते तेव्हा हा फरक पुसला जातो. मराठवाड्याच्या कानाकोपऱ्यातून मातंग समाजाची आणि इतरही माणसं येतात, आणि सगळ्यांच्या तोंडी एकच, "शेंद्र्याला चाललो." यात्रेत आबांचा एक धंदा असायचा. उसाच्या रसाच्या गाड्याजवळ बाकावर बसायचं आणि शेजारी टेकेल त्याला विचारायचं, "पाव्हणं, आडनाव काय? अन् मूळ गाव?" दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मिळाल्याशिवाय पहिल्याला ते किंमत देत नसत. मूळ गाव कळलं की त्या गावात दिलेल्या लेकी, तिथून आणलेल्या सुना आठवायच्या, आणि अर्ध्या तासात पाहुणा कुठल्या ना कुठल्या नात्यात बसायचा.

निजामाच्या अमलात आडनावाचं एवढं नडत नव्हतं, असं आबा सांगत. घरात पत्र्याच्या पेटीत जुने उर्दू कागद होते. ते वाचून घ्यायला आबा एका निवृत्त पेशकारांकडे जात आणि मला सोबत नेत. पेशकार चष्मा कपाळावर चढवून, कागद नाकाशी धरून वाचायचे: अमुक वल्द तमुक, कौम मराठा, साकीन शेंद्रा. बापाचं नाव, जात, राहण्याचं गाव, इतक्यात माणूस पुरा होई. त्या कागदांत आमचं आडनाव मला दिसलं नाही. गाव मात्र प्रत्येक कागदावर होतं, 'साकीन' या शब्दाला धरून. पोलीस ॲक्शन झाली, १९४८ च्या १७ सप्टेंबरला निजाम शरण आला, आणि पुढं शाळेच्या दाखल्यात आडनावाचा रकाना भरणं आलं. मास्तरांनी विचारलं, घरच्यांनी सांगितलं, ते लागलं. आबांचं म्हणणं, मास्तर दुसरे असते तर आडनावही दुसरं लागलं असतं. मला ते खरं वाटतं.

मग बहात्तरचा दुष्काळ. आमच्या भागात घड्याळ त्या वर्षापासून लावतात. कुणाचा जन्म, कुणाचं लग्न, सगळं बहात्तरच्या अलीकडचं किंवा पलीकडचं. विहिरींनी तळ दाखवला, बैल मिळेल त्या भावानं गेले, गावं खडी फोडायला बसली. मोठी माय सुकडीची चव सांगायची आणि मिलोच्या लाल भाकरीची. ती भाकरी तव्यावरच तडकायची, तोंडात फिरायची, लेकरं रडायची. त्या साली आबांचे दोन चुलतभाऊ मुंबईला गेले. गोदीत हमालांच्या टोळीत आमच्या थोरल्याच्या नावाचा आणि आडनावाचा दुसरा एकजण आधीच होता. हजेरी घेताना घोटाळा व्हायला लागला. मुकादमानं विचारलं, "गाव कोणतं रे?" आणि वहीत लिहिलं: शेंद्रेकर. पगारपत्रकावर तेच गेलं, रेशनकार्डावर तेच, पोरांच्या शाळेत तेच. एका हजेरीवहीतून आमच्या घराची एक शाखा फुटली.

या गोष्टीचा मोठा विस्तार आपल्या इतिहासात आहे, हे मला पुढं वाचता वाचता दिसत गेलं. मल्हारराव होळकर १६९३ साली नीरेकाठच्या होळ गावी जन्मले. बाप लहानपणीच गेला. आई त्यांना घेऊन खानदेशात तळोद्याला भावाकडे, भोजराज बारगळांकडे गेली. होळमध्येच ते राहिले असते तर त्यांना होळकर म्हणायचं कुणाला कारणच पडलं नसतं. त्यांच्या सुनेनं, अहिल्याबाईंनी, आमच्या वेरूळला घृष्णेश्वराचं देऊळ नव्यानं बांधलं. नीरेकाठच्या एका लहानशा गावाचं नाव असं वेरूळच्या शिवालयाशी जोडलं गेलं.

बाबासाहेबांची हकिकत तर फार जवळची. घराणं सकपाळांचं, गाव रत्नागिरी जिल्ह्यात मंडणगड तालुक्यातलं आंबडवे. जन्म मात्र महूच्या छावणीत, १८९१ साली. ७ नोव्हेंबर १९०० ला साताऱ्याच्या सरकारी शाळेत नाव दाखल झालं तेव्हा दाखल्यावर आंबडवेकर लागलं आणि पुढं त्याचं आंबेडकर झालं. जन्म एकीकडं, शाळा दुसरीकडं, आणि नाव तिसऱ्याच गावाचं. हेच बाबासाहेब १९५० मध्ये आमच्या शहरात मिलिंद महाविद्यालय उघडतात, आणि ज्यांच्या घरात कुणी पाटी हातात धरली नव्हती अशी खेड्यापाड्यांतली पोरं तिथं शिकायला येतात. १४ जानेवारी १९९४ ला मराठवाडा विद्यापीठाला त्यांचं नाव जोडलं गेलं. त्यासाठी किती वर्षं संघर्ष झाला, किती माणसांनी काय सोसलं, हे आमच्या पिढीनं पाहिलं आहे. विद्यापीठाच्या कमानीवरून नजर फिरते तेव्हा मला त्यात आंबडवेही दिसतं. कोकणातल्या डोंगरातलं एक गाव एका माणसाच्या पाठीवर बसून आमच्यापर्यंत आलं.

त्याच वर्षी १७ सप्टेंबरला नांदेडला दुसरं विद्यापीठ उभं राहिलं, स्वामी रामानंद तीर्थांच्या नावाचं. स्वामीजी मूळचे व्यंकटेश खेडगीकर. त्यांनी १९३२ साली संन्यास घेतला आणि 'कर' मागं सोडला. हैदराबादचा लढा लढणाऱ्या त्या माणसाला कुठलंच एक गाव उरलं नाही, म्हणून सगळ्या मराठवाड्यानं त्यांना आपलं म्हटलं. नरहर कुरुंदकरांचं गाव वसमतजवळचं कुरुंदा. आयुष्य गेलं नांदेडात, आणि १० फेब्रुवारी १९८२ ला प्राण गेला तो आमच्या शहरात, व्यासपीठावर. कुरुंदकर हे नाव महाराष्ट्रात जितक्यांनी घेतलं त्यांतल्या किती जणांनी कुरुंदा पाहिलं असेल?

आबांची आवडती गोष्ट मात्र वेगळी, पारदच्या लोखंडे पाटलांची. ती ते दर उन्हाळ्यात सांगत आणि दर वेळी तेवढाच जीव ओतून सांगत. औरंगजेब १७०७ साली नगरजवळ वारला, खुलदाबादेत त्याला पुरलं. मुघलांच्या कैदेतून सुटलेले शाहू महाराज दक्षिणेत आले. वाटेत पारद गाव लागलं. तिथले पाटील सयाजी लोखंडे यांनी वाट अडवली, चकमक झाली, पाटील पडले. "अन् मग ती पाटलीण," आबा इथं थांबायचे, तांब्यातलं पाणी प्यायचे, "तान्हं लेकरू घेऊन सरळ फौजेत शिरली. नवरा गेलेला, गाव जळायची वेळ आलेली. तिनं लेकरू महाराजांच्या पालखीत टाकलं. म्हणली, आता हे तुमचं." शाहूंनी ते मूल आपलं केलं. पहिल्या विजयाची खूण म्हणून नाव ठेवलं फत्तेसिंह, आडनाव दिलं भोसले. पुढं त्याला अक्कलकोट मिळालं आणि अक्कलकोटकर भोसल्यांचं घराणं उभं राहिलं.

पोरगा होतो तेव्हा मला या गोष्टीत राजाचा मोठेपणा दिसे. आता पाटलीण दिसते. तिनं गाव वाचवलं, मूल वाचवलं, आणि लोखंडे हे नाव त्या मुलाच्या अंगावरून आपल्या हातानं उतरवून ठेवलं. त्या एका तान्ह्या जिवात तीन नावं राहिली: जन्माचं लोखंडे, दत्तकाचं भोसले, मुलखाचं अक्कलकोटकर. भोसल्यांचं मूळ तर आमच्या जिल्ह्यातच, वेरूळला. बाबाजी, मालोजी हे वेरूळचे भोसले. पाटीलकी तिथलीच, म्हणून त्यांना आधी कुणी गावाचं नाव लावलं नसावं. घराणं पसरलं तेव्हा नागपूरकर, सातारकर, तंजावरकर अशी ओळख पडत गेली. आडनाव एकच असेल तर माणसं गावावरून ओळखायची, आणि आडनाव वेगळं असेल तर गावावरून जोडायची. आबा रसाच्या गाड्याजवळ बसून दुसरं काय करत होते?

उलट माणसाचं नाव गावाला लागल्याचे दाखले आमच्या शहरात पुऱ्यांनी दिलेत. कर्णपुरा बिकानेरच्या राजा करणसिंहाचा, पदमपुरा त्याच्या मुलाचा, पदमसिंहाचा. नवरात्रात आमच्या घरची बैलगाडी कर्णपुऱ्याच्या देवीला जायची. मोठी माय परडी घेऊन पुढं बसायची. करणसिंह कोण हे तिला कधी कुणी सांगितलं नाही, पण त्याचं नाव ती वर्षातून एकदा भक्तीनं घ्यायची. शहराची स्वतःची नावंही बदलत आली: खडकी, फतेहनगर, औरंगाबाद आणि २०२३ पासून छत्रपती संभाजीनगर. औरंगाबादकर आडनावाची माणसं आहेत, त्यांच्या दाखल्यांवर ते आडनाव तसंच राहील. नगरचं अहिल्यानगर झालं, नगरकर नगरकरच आहेत. गावानं सोडलेलं नाव माणूस सांभाळतो, हे मला फार मोलाचं वाटतं. दगडी शिलालेखापेक्षा शाळेच्या दाखल्यावर मी जास्त विसंबून असतो.

मग आमच्या गावची जमीन कारखान्यांसाठी संपादित झाली. पंचतारांकित औद्योगिक वसाहत आली, २००१ मध्ये स्कोडाचा कारखाना सुरू झाला, २०१९ च्या ७ सप्टेंबरला पंतप्रधानांच्या हस्ते ऑरिक या औद्योगिक नगरीच्या इमारतीचं उद्घाटन झालं. ज्वारीची रानं मोजली गेली, आणि मोबदल्याच्या कागदांसोबत वारसांचा प्रश्न उभा राहिला. मुंबईच्या शेंद्रेकरांचा हिस्सा होता, पण सातबाऱ्यावर त्यांच्या वडिलांचं जुनं आडनाव. बाप आणि लेक एकाच घरातले, हे कागदावर कुठंच दिसेना. मग वंशावळीचं प्रतिज्ञापत्र करायचं ठरलं: अमुक शेंद्रेकर ऊर्फ तमुक ही एकच व्यक्ती असून. आबा तेव्हा ऐंशीच्या पुढं होते. डोळ्यांना नीट दिसत नव्हतं. ओट्यावर बसून त्यांनी सात पिढ्या तोंडी सांगितल्या, कुणाची थोरली, कुणाची धाकटी, कोण निपुत्रिक गेला, कोण दत्तक आला, आणि मी स्टँपपेपरच्या मसुद्यासाठी लिहून घेतल्या. धाब्यावर झोप येताना ऐकलेली ती उतरंड एका ओळीनंही चुकली नव्हती. मी ती पडताळली त्र्यंबकेश्वरला, तीर्थोपाध्यायांकडच्या नामावळीत. उपाध्यायांनी विचारलं ते अगदी आबांसारखंच, आधी आडनाव, मग मूळ गाव. लाल कापडात बांधलेली लांबट वही सोडली, पानं उलटली आणि आमच्या पणजोबांच्या बापाचं नाव मोडीत दाखवलं. शेजारी गाव: शेंद्रा. मुंबईचा चुलतभाऊ सोबत होता. त्यानं नव्या पानावर स्वतःचं नाव लिहिलं, शेंद्रेकर, आणि उपाध्यायांनी त्यापुढं आमचं जुनं आडनाव लिहून दोन्ही एका कंसात बांधली.

आता गावात आमच्यापेक्षा बाहेरचीच माणसं जास्त दिसतात. वाड्याच्या मागच्या बाजूला आम्ही खोल्या काढल्या, तिथं कारखान्यातली पोरं राहतात. एकजण मध्य प्रदेशातल्या बालाघाटकडचा आहे, बायको आणि दोन मुलींसह. मोठी मुलगी आमच्या गावच्या शाळेत जाते आणि घरी मराठीत भांडते. त्याच्या बायकोनं परवा माझ्या बायकोला सांगितलं की सासरच्या गावी त्यांच्या घराला आता सगळे 'शेंद्रावालों का घर' म्हणतात. तिच्या सासऱ्यांनी शेंद्रा कधी पाहिला नाही. पत्ता विचारत कुणी आलं तर मात्र पोरं सरळ त्यांच्याच दारात आणून सोडतात.