फरशीखालचा कोबा

फरशीखाली घालायच्या पक्क्या थराला महाराष्ट्रात कोबा म्हणतात. सिमेंट येण्यापूर्वी तो चुन्याचा असे. जमीन मुरूम घालून, पाणी मारून धुम्मसाने ठोकायची आणि वर विटांचे तुकडे, चुना व सुरखी यांचा थर पसरायचा. सुरखी म्हणजे भाजलेल्या विटेची पूड. नुसता चुना हवेच्या संगतीने संथपणे घट्ट होतो, जाड थराच्या पोटात तर फारच उशिरा. सुरखी मिसळली की तो ओलीतही धरतो. हा माल बैलाने ओढायच्या घाण्यात दगडी चाकाखाली मळला जाई.

खरी मेहनत चोपण्याची. मजूर ओळीने उकिडवे बसत आणि लाकडी चोपण्यांनी थर ठोकत सरकत. चोपणे मालात रुतेनासे होऊन उलटे उडू लागले, की कोबा बसला असे समजायचे. चुन्याच्या कामात गुळाचे पाणी आणि हिरड्याचा काढा वापरण्याचीही रीत होती. असा कोबा वरून घोटला की पुष्कळ घरांत तीच जमीन; फरशीवाचून काही अडत नसे.

१८७१ साली ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे रायचूरला मद्रास रेल्वेशी जोडली गेली. शहाबाद याच मार्गावर असल्याने तिथला फरशीचा चुनखडक मुंबई-पुण्याकडे येणे सोपे झाले. शहाबादी फरशी खाणीतून निघते तशी, जाडीला कमी-जास्त. त्यामुळे गवंडी प्रत्येक फरशीखाली माल वाढवून किंवा काढून पाणसळ जुळवत असे आणि मोरीकडे ढाळ देत असे. खालच्या थराची चूक या मालात खपून जाई.

१९१४ साली पोरबंदरला सिमेंटचे उत्पादन सुरू झाले. १९२२ साली मुंबईत भारत फ्लोअरिंग्ज अँड टाइल्स ही कंपनी निघाली आणि रंगीत नक्षीच्या सिमेंट टाइल्स देशातच बनू लागल्या. दाबयंत्रात एकसारख्या जाडीच्या निघणाऱ्या या टाइलची पाठ सच्छिद्र. ती ओल्या मालाला घट्ट धरते. चोपण्याचे दिवस संपले, पण ‘कोबा’ हा शब्द सिमेंटच्या जमिनीलाही चिकटून राहिला.

व्हिट्रिफाइड टाइलने हिशेब बदलला. ती ०.५ टक्क्यांहून अधिक पाणी शोषत नाही, म्हणून नुसत्या सिमेंटच्या घोळाने तिची पाठ नीट धरत नाही आणि टाइल पोकळ वाजते. तिला चिकट मसाला लागतो, आणि तो पसरायचा जेमतेम काही मिलिमीटर. एवढ्या पातळ थरात खड्डे-उंचवटे झाकता येत नाहीत. म्हणून स्लॅब खरवडून, धूळ झाडून, भिजवून त्यावर सिमेंटचा घोळ मारतात. दोरीने लेव्हल बांधून, वाळू-सिमेंटचा थर लांब पट्टीने ओढून सपाट करतात, त्यावर पाणी मारत राहतात आणि पुरता वाळल्यावरच टाइल लावतात. शहाबादीच्या काळात गवंड्याच्या हाताखाली जुळून जाणारा थर असा पुन्हा, चुन्याच्या कोब्यासारखा, स्वतंत्र काम झाला. घाईच्या कामांत मात्र वाळण्याचेच दिवस आधी कापले जातात.