शामके, जुनी : मेंदूवरील क्रिया

चिंता, अस्वस्थता, निद्रानाश व आकडी यांवर एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून १९६० पर्यंत प्रचारात आलेली, मेंदूचा क्षोभ उतरवणारी औषधे. ब्रोमाइडे, क्लोरल हायड्रेट, पॅराल्डिहाइड, बार्बिच्युरेटे, मेप्रोबामेट व मेथाक्वालोन ही त्यांतील प्रमुख होत. १९६० पासून आलेली बेंझोडायझेपिने (उदा., डायझेपाम) येथे तुलनेपुरती घेतली आहेत. सर्पगंधेतील रेसर्पिनाची क्रिया अगदी निराळी असल्याने ते या नोंदीत नाही (पहा : सर्पगंधा).

रसायन म्हणून पाहता या पदार्थांत फारसे साम्य नाही. ब्रोमाइडे ही साधी लवणे, तर बार्बिच्युरेटे ही यूरियापासून बनलेली वलयी संयुगे आहेत. तरीही त्यांतील बहुतेकांची वाट मेंदूत एकाच ठिकाणी येऊन पोचते. ते ठिकाण म्हणजे चेतापेशीच्या पटलातील ‘गाबा-ए’ हा ग्राही. यांतले कोणतेही औषध चिंता तेवढी नेमकी वेचून काढत नाही. मात्रा वाढत गेली की आधी मन सैलावते, मग गुंगी, झोप, भूल आणि शेवटी श्वास थांबणे, अशी एकच उतरण लागते. कोणते औषध या उतरणीवर किती खाली नेऊ शकते, हाच या गटातला सर्वांत महत्त्वाचा भेद आहे.

पूर्वपीठिका : लंडनचे प्रसूतितज्ज्ञ चार्ल्स लोकॉक यांनी १८५७ मध्ये पोटॅशियम ब्रोमाइड आकडीवर उपयोगी पडल्याचे सांगितले आणि पुढे अर्धे शतक ब्रोमाइड हेच युरोपातील घराघरांतले शामक झाले. गाबा-ए ग्राहीच्या छिद्रातून ब्रोमाइड आयन क्लोराइडपेक्षाही सहज आत शिरतो, त्यामुळे पेशीला बसणारा आवर वाढतो. परंतु शरीरातून ते निम्मे जायला सुमारे बारा दिवस लागतात. रोजची मात्रा साठत जाते आणि रुग्ण विसराळू, भ्रमिष्ट होतो, त्याच्या अंगावर पुटकुळ्या उठतात. या अवस्थेला ब्रोमिझम म्हणतात.

क्लोरल हायड्रेट हे चुकीच्या तर्कातून सापडलेले बरोबर औषध आहे. बर्लिनचे ऑस्कर लीब्राइख यांची कल्पना अशी, की रक्तात त्याचे क्लोरोफॉर्म होईल व झोप लागेल. १८६९ मध्ये त्यांनी ते वापरले आणि झोप खरोखरच लागली. प्रत्यक्षात क्लोरोफॉर्म तयार होत नव्हते, यकृतात ट्रायक्लोरोएथॅनॉल तयार होत होते आणि गुंगी त्याची होती. पॅराल्डिहाइड १८८२ मध्ये आले. त्याचा काही भाग फुप्फुसांवाटे बाहेर पडतो, म्हणून ते दिलेल्या रुग्णाच्या श्वासाला उग्र वास येतो. ते प्लॅस्टिक विरघळवते, त्यामुळे त्याच्यासाठी काचेची सिरिंज लागते.

बार्बिच्युरेटे : आडोल्फ फोन बायर यांनी १८६४ मध्ये बार्बिच्युरिक अम्ल तयार केले. या अम्लाला स्वतःला शामक गुण नाही. वलयातील पाचव्या कार्बनावर दोन योग्य शाखा बसवल्या की तो येतो. एमिल फिशर व योसेफ फोन मेरिंग यांनी तशा शाखा बसवून केलेले बार्बिटाल १९०३ मध्ये ‘व्हेरोनाल’ नावाने पुढे आले. १९१२ मध्ये फेनोबार्बिटाल (ल्युमिनाल) आले. त्याच वर्षी आल्फ्रेड हाउप्टमान या तरुण जर्मन डॉक्टरांच्या लक्षात आले, की झोपेसाठी ते दिलेल्या अपस्माराच्या रुग्णांना आकड्याही कमी येतात. पुढील काळात अडीच हजारांवर बार्बिच्युरेटे प्रयोगशाळांत बनली व त्यांतील सुमारे पन्नास बाजारात आली.

पेंटोबार्बिटाल या बार्बिच्युरेटाच्या वलयात दुसऱ्या कार्बनावरील ऑक्सिजनाच्या जागी गंधक घातले की थायोपेंटोन मिळते. भूल देण्यासाठी ते १९३४ पासून वापरात आहे. कुपीतील पिवळसर भुकटी पाण्यात विरघळवून शिरेतून देतात. पुष्कळ रुग्णांच्या तोंडाला लसणासारखी चव येते आणि अर्ध्या-पाऊण मिनिटात पापण्या मिटतात. पाच-दहा मिनिटांत रुग्ण जागा होऊ लागतो तो औषध संपले म्हणून नव्हे. चरबीत झटकन विरघळणारे हे द्रव्य जितक्या वेगाने मेंदूत शिरते तितक्याच वेगाने तेथून स्नायूंत व नंतर चरबीत निघून जाते. शरीरात ते पुढे कित्येक तास असतेच. अल्पक्रिय व दीर्घक्रिय ही जुन्या पाठ्यपुस्तकांतील वर्गवारी म्हणूनच जपून वाचावी.

ग्राही व आयनमार्ग : गाबा हे द्रव्य मेंदूत असल्याचे १९५० मध्ये अमेरिकेत युजीन रॉबर्ट्स व अन्य संशोधकांनी दाखवले. मेंदूतील पेशींना थोपवणारा हा मुख्य निरोप्या आहे. त्याचा ग्राही पाच प्रथिन-घटकांचा असतो. हे घटक पिंपाच्या फळ्यांसारखे गोलाकार उभे राहतात आणि मधोमध छिद्र, म्हणजेच आयनमार्ग, राहते. मानवात अशा घटकांचे १९ प्रकार आहेत. त्यांतून दोन आल्फा, दोन बीटा व एक गॅमा अशी जुळणी सर्वाधिक आढळते. गाबाचे दोन रेणू ठरल्या जागी बसले, की छिद्र उघडते व क्लोराइड आयन आत येतात. पेशीचे आतले विद्युत्-विभव उणे ७० मिलिव्होल्टच्या आसपास खिळून राहते आणि पेशी सहजी संदेश सोडत नाही.

या छिद्राची ओळख पटवण्यात एका भारतीय फळाचा वाटा आहे. काकमारी ही भारतातील जंगलांत वाढणारी वेल. तिची फळे कुटून पाण्यात टाकली की मासे गुंगून वर येतात. या फळांतील पिक्रोटॉक्सिन हे विष नेमके गाबा-ए ग्राहीच्या छिद्रातच अडकते व क्लोराइडची वाट बंद करते. आवर सुटलेल्या मेंदूला आकडी येते. शामकांच्या बरोबर उलट असे हे विष हाताशी होते, म्हणूनच शामकांची जागा शोधणे सोपे गेले.

बेंझोडायझेपिने व बार्बिच्युरेटे यांतील फरक एका मार्गाच्या नोंदीत फार स्पष्ट दिसतो. एक-दोन मायक्रॉन तोंडाची काचेची नळी पेशीच्या पटलाला घट्ट चिकटवली, की तिच्या तोंडाखाली एखादाच आयनमार्ग सापडतो. पडद्यावर सरळ रेघ धावत असते. मार्ग उघडला की ती झटकन खाली पडते, मिटला की पुन्हा वर येते. गाबासोबत डायझेपाम दिले तर असे खड्डे अधिक वेळा पडतात, पण प्रत्येक खड्ड्याची रुंदी जवळपास तेवढीच राहते. पेंटोबार्बिटाल दिले तर खड्डे रुंदावतात, म्हणजे एकदा उघडलेला मार्ग बराच वेळ मिटत नाही. रॉबर्ट स्टडी व जेफ्री बार्कर यांनी उंदराच्या मेरुरज्जूतील पेशींवर १९८१ मध्ये हा भेद विद्युत्-प्रवाहाच्या चढउतारांवरून काढला. एकेका मार्गाच्या नोंदींनी तो पुढे पक्का झाला.

दुसरा फरक याहून गंभीर आहे. बेंझोडायझेपिने ग्राहीच्या बाहेरील अंगाला, आल्फा व गॅमा घटकांच्या सांध्यात बसतात. गाबा आलाच नाही तर ती स्वतः दार उघडू शकत नाहीत. मेंदू स्वतः जितका गाबा सोडील तितकेच त्यांचे बळ, आणि तेथे त्यांची मर्यादा येते. बार्बिच्युरेटे पटलाच्या आत बुडालेल्या भागात बसतात. मात्रा वाढली की गाबाची वाट न पाहता ती दार उघडून धरतात. जोडीला ग्लूटामेट या चेतवणाऱ्या निरोप्याचे काही ग्राही व कॅल्शियमाचे मार्गही ती मंद करतात. त्यामुळे लंबमज्जेतील श्वसनकेंद्रापर्यंतची उतरण त्यांना मोकळी असते. चार-पाच गोळ्या अधिक गेल्या तर काय होईल, या प्रश्नाचे उत्तर दोन्ही गटांत इतके वेगळे का, ते येथे समजते. मद्य सोबत असेल तर मात्र बेंझोडायझेपिनांच्या या मर्यादेवर विसंबता येत नाही.

चिंताशमन कोणत्या घटकामुळे होते? झुरिक येथे जनुके बदललेल्या उंदरांवर १९९९ व २००० मध्ये झालेल्या प्रयोगांत डायझेपामची गुंगी आल्फा-१ घटकाशी व चिंताशमन आल्फा-२ घटकाशी जोडलेले आढळले. आल्फा-३ व आल्फा-५ यांच्या वाट्याविषयी मतभेद आहेत. बार्बिच्युरेटांना असा निवडकपणा जवळजवळ नाही. नवजात अर्भकाच्या काही पेशींत क्लोराइड आधीच जास्त असल्याने गाबा थोपवण्याऐवजी चेतवतो. अर्भकांच्या आकड्या फेनोबार्बिटालला नेहमी का दाद देत नाहीत, याचे एक कारण हे मानले जाते.

मेंदूचे भाग : जुन्या ग्रंथांत बार्बिच्युरेटांची गुंगी मस्तिष्कस्तंभातील जालरूप संहतीवर सोपवलेली असते. मोरुत्सी व मॅगून यांनी १९४९ मध्ये जागेपणाचा संबंध या भागाशी जोडला होता. आज बाह्यक, थॅलॅमस व बदामाच्या आकाराचे अमिग्डला केंद्र यांचाही त्यात समावेश करतात.

मेप्रोबामेट : फ्रँक बर्गर यांना १९४६ मध्ये लंडनला मेफेनेसिन हे स्नायू सैलावणारे द्रव्य दिलेली जनावरे जागी असूनही ढिली व शांत दिसली. त्याच धर्तीवर, पण अधिक काळ टिकणारे मेप्रोबामेट त्यांनी बर्नार्ड लुडविग यांच्यासह अमेरिकेत बनवले. १९५५ मध्ये ते ‘मिलटाउन’ नावाने बाजारात आले. हे गुंगीचे औषध नसून ‘शांतक’ आहे, असा त्याचा प्रचार झाला. ग्राहीवर मात्र ते बार्बिच्युरेटांसारखेच वागते व मोठ्या मात्रेत गाबाशिवायही मार्ग उघडते. चिंतेवर त्याची काही खास क्रिया आहे, की केवळ सौम्य गुंगीचाच तो परिणाम, याविषयी एकमत झालेले नाही.

गेलर व साइफ्टर यांचा १९६० मधील उंदरांवरील प्रयोग या संदर्भात महत्त्वाचा आहे. कळ दाबली की गोड दुधाचा घोट मिळे. एक सूर वाजत असताना दाबली तर दूध तर मिळेच, पण पायाला विजेचा झटकाही बसे. सूर लागला की उंदीर कळीजवळ जाई आणि थबके. मेप्रोबामेट किंवा बार्बिच्युरेट दिलेला उंदीर झटका सोसून कळ दाबत राही. प्रोमाझिन हे मनोविकृतीवरील औषध दिलेला तसे करीत नसे. नव्या चिंताहारी औषधांची प्राथमिक पारख पुढे कित्येक वर्षे याच पद्धतीने होत राहिली. ‘कॅरिसोप्रोडॉल’ या स्नायू सैलावणाऱ्या औषधाचे शरीरात मेप्रोबामेट होते. युरोपीय संघाने २०१२ मध्ये मेप्रोबामेट मागे घेतले.

मेथाक्वालोन : इंद्रकिशोर कक्कड व सय्यद हुसेन झहीर यांनी भारतात प्रथम तयार केले (१९५१). डायफेनहायड्रामिनासह त्याची गोळी ‘मँड्रेक्स’ म्हणून ओळखली गेली. गाबा-ए ग्राहीच्या पटलातील भागावर क्रिया.

सह्यता व माघार : बार्बिच्युरेटांची सतत मात्रा मिळाल्यास यकृतातील एंझाइमे वाढतात व औषध लवकर मोडते (गर्भनिरोधक गोळ्या व वॉर्फरिन यांचा परिणामही त्यामुळे घटतो). ग्राहीही बदलतात. गुंगीसाठी लागणारी मात्रा वाढत जाते, जीवघेणी मात्रा मात्र फारशी वाढत नाही. दोन रेषा अशा जवळ येतात. औषध एकदम तोडले, तर दाबून ठेवलेला क्षोभ उसळतो. हॅरिस इसबेल व सहकाऱ्यांनी १९५० मध्ये अमेरिकेत लेक्सिंग्टन येथे काही व्यक्तींना महिनोन्‌महिने बार्बिच्युरेटे देऊन ती एकाएकी थांबवली. बहुतेकांना आकड्या आल्या व भ्रम झाला. हा प्रयोग आजच्या नीतिनियमांत बसणार नाही, पण माघारीचा धोका त्याने निर्विवाद सिद्ध केला.

विषबाधा : बार्बिच्युरेटांवर उतारा म्हणून एकेकाळी पिक्रोटॉक्सिन टोचत असत. रुग्ण जागा होण्याआधी त्याला आकडीच येई. १९४० च्या दशकात कोपनहेगन व आसपासच्या रुग्णालयांनी अशी उत्तेजके सोडून श्वास, रक्तदाब व शुश्रूषा यांवर भर दिला आणि मृत्यूंचे प्रमाण पुष्कळ घटले. फेनोबार्बिटालच्या बाबतीत लघवी अल्कधर्मी केल्यास ते लवकर बाहेर पडते. बेंझोडायझेपिनांवर फ्लुमाझेनिल हा उतारा आहे. तो बार्बिच्युरेटांवर चालत नाही, कारण त्यांची बसण्याची जागाच वेगळी आहे.

सामाजिक इतिहास : पहा : औषधासक्ती.

सद्यःस्थिती : भारतात बार्बिच्युरेटे, मेप्रोबामेट व डायझेपाम १९८५ च्या अमली पदार्थविषयक कायद्याखाली येतात. डायझेपाम, अल्प्राझोलाम इत्यादींची विक्री २०१४ पासून एच-१ अनुसूचीनुसार औषधविक्रेत्याला वहीत नोंदवावी लागते. झोपेसाठी बार्बिच्युरेटे आता देत नाहीत. फेनोबार्बिटाल मात्र टिकून आहे. ते स्वस्त आहे आणि जागतिक आरोग्य संघटनेच्या अत्यावश्यक औषधांच्या यादीत आहे. प्रौढांत त्याचे अर्धायुष्य तीन-चार दिवसांचे असल्याने रात्रीची एक मात्रा पुरते. पश्चिम बंगालच्या खेड्यांतील मुलांवर केलेल्या व १९९८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत फेनिटॉइन या आकडीवरील दुसऱ्या औषधाच्या तुलनेत त्याने वागणुकीचे दोष वाढलेले दिसले नाहीत. महाराष्ट्रात ते ‘गार्डिनल’ या नावाने घरोघर माहीत आहे. ही गोळी चालू असलेल्या रुग्णाला महिनोन्‌महिने आकडी आली नसली, तरी घरच्यांनी ती आपल्या मनाने बंद करू नये. मात्रा उतरवायची ती डॉक्टरांनीच, आणि आठवड्या-आठवड्यांनी थोडी थोडी.