शेवयांवर चॉकलेटचा थर

सख्यांनो, पास्ता आणि चॉकलेटचे थर लावलेला गोड पदार्थ हल्ली मुली मोबाइलवर बघून घरी करतात. आम्हाला त्यातलं निम्मं जुनंच वाटतं. कणीक घट्ट मळायची, आकार द्यायचा, वाळवायचं, लागेल तेव्हा दुधात शिजवायचं: शेवया, गव्हले, मालत्या, नखुल्या हेच तर आहेत! सुमारे १०२५ सालच्या ‘लोकोपकार’ या कन्नड ग्रंथात शेवयांच्या साच्याचा उल्लेख आहे. रुखवतात या वळवटाचं कौतुक व्हायचं, वळणाऱ्या बाईचं नाव मात्र कुणी लिहून ठेवलं नाही.

परकं आहे ते चॉकलेट. कोकोचं झाड मूळचं अमेरिका खंडातलं. कॅडबरी कंपनी आपल्याकडे १९४८ साली आली.

पास्त्याला कठीण बन्सी गहू लागतो. आपल्या राहुरीच्या कृषी विद्यापीठाच्या निफाड केंद्राचा ‘पंचवटी’ वाण त्याच जातीचा, शेवया-कुरडयांनाही चांगला.

म्हणून आमच्या गटात पास्त्याचं पाकीट आणत नाही. शेवया तुपात भाजून बेताच्या दुधात शिजवतो. दूध जास्त झालं की लगदा होतो. कोको, साखर, थोडं कॉर्नफ्लॉवर दुधात आटवून गार करतो, मग थरावर थर. पाकिटाचे पैसे बाहेर जातात, शेवयांची मजुरी वळणारीच्या हातात पडते.